पोर्टलंडच्या गुलाब महोत्सवाची मूक फीत : प्रकल्प नोंदी

१४ जानेवारी

आज फितीचे संपूर्ण स्कॅन हाती आले. मूळ फीत ३५ मिलिमीटर रुंदीची, नायट्रेट जातीची आणि ६१२ फूट लांब आहे. अमेरिकेतील ऑरेगन राज्यातल्या पोर्टलंड शहरात गुलाबांच्या महोत्सवाची जी मिरवणूक निघते, तिचे हे दिवसाच्या उजेडातील चित्रण असून त्यात एकूण सात दृश्ये आहेत. फीत एका कुटुंबाच्या माळ्यावर होती. आता ती थंड कोठीत आहे आणि तिथेच राहील. माझ्याकडे आलेले काम स्कॅनवरून करायचे आहे : प्रत्येक दृश्याचे वर्णन लिहिणे, चित्रण कोणत्या वर्षीचे आहे हे ठरवणे आणि ती कोणत्या वेगाने दाखवावी याची शिफारस करणे.

मूळ फितीला मी हात लावलेला नाही, हे बरेच आहे. नायट्रेट जळू लागले की जळण्यासाठी लागणारा प्राणवायू ते स्वतःच पुरवते, त्यामुळे पाणी ओतून ती आग विझत नाही. पुण्यात २००३ च्या जानेवारीत नायट्रेट फितींच्या कोठीला लागलेल्या आगीत जुन्या चित्रपटांच्या कित्येक फिती गेल्या. त्या वेळी मी पुण्यातच शिकत होतो, आणि या कामाकडे मी वळलो त्यामागे त्या दिवसाची आठवण आहे.

डब्यावर टंकलिखित चिठ्ठी आहे : ‘गुलाब मिरवणूक, १९०८’. तिचा कागद फितीहून बराच नवा दिसतो. सोबत पूर्वी कोणीतरी काढून दिलेली व्हिडिओ प्रतही आहे. तिची लांबी ६ मिनिटे ४८ सेकंद भरते. चिठ्ठी आणि ही प्रत, दोन्ही तपासल्याशिवाय मान्य करायच्या नाहीत, असे पहिल्याच दिवशी ठरवले आहे.

१९ जानेवारी

वर्णन लिहिण्याआधी महोत्सवाचा इतिहास नीट लावून घेतला, कारण चित्रातील कोणती गोष्ट कालनिर्णयाला उपयोगी पडेल हे त्यावरूनच कळणार आहे.

पोर्टलंडमध्ये गुलाबप्रेमींची संस्था १८८८ मध्येच स्थापन झाली होती. १९०५ मध्ये शहरात अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यापर्यंत गेलेल्या लुईस आणि क्लार्क यांच्या शोधमोहिमेच्या शताब्दीनिमित्त मोठे प्रदर्शन भरले, आणि त्या उत्साहाच्या भरात महापौर हॅरी लेन यांनी शहराने दरवर्षी गुलाबांचा महोत्सव भरवावा अशी कल्पना मांडली. लेन हे पेशाने डॉक्टर होते. पहिला महोत्सव १९०७ च्या जूनमध्ये झाला आणि पुढच्याच वर्षी तो चालवण्यासाठी स्वतंत्र संस्था उभी राहिली. १९०८ पासून १९१३ पर्यंत महोत्सवाचा मान ‘रेक्स ऑरेगोनस’ नावाच्या राजाकडे असे. भरघोस दाढीआड त्याची ओळख लपवलेली असे आणि समारंभाच्या नृत्यसंध्येला ती उघड केली जाई. १९१४ पासून राजाच्या जागी राणी आली.

शहरात त्या काळी रस्त्याकडेला लावला जाणारा आवडता गुलाब म्हणजे ‘मादाम कॅरोलिन टेस्टू’. पेर्ने-ड्यूशे या फ्रेंच संकरकाराने १८९० मध्ये तो बाजारात आणला आणि ग्रनोबलच्या एका वस्त्रव्यावसायिक बाईंचे नाव त्याला दिले. मोठ्या, गोल, गुलाबी फुलांचा हा वाण आहे. हा तपशील इथे नोंदवून ठेवतो, कारण रंगाचा प्रश्न पुढे येणारच आहे.

२६ जानेवारी

वेगाचा प्रश्न आज बहुतांशी सुटला.

३५ मिलिमीटर मूक फितीच्या एका फुटात १६ फ्रेम असतात. म्हणजे ६१२ फुटांत ९,७९२ फ्रेम झाल्या. जुनी व्हिडिओ प्रत ६ मिनिटे ४८ सेकंदांची आहे. भागाकार केला की सेकंदाला बरोबर २४ फ्रेम येतात, आणि हा वेग बोलपटाचा आहे. ज्या कोणी ती प्रत काढली, त्याने यंत्र नेहमीच्या वेगावर ठेवले आणि फीत जाऊ दिली. त्यामुळे त्या प्रतीत घोडे दुडकत जातात, बायका झटक्याने रुमाल हलवतात, आणि चित्ररथ उतारावरून सुटल्यासारखे दिसतात. मूकपटातील माणसे अशीच चालत असत असा जो समज सर्वत्र पसरलेला आहे, तो अशा प्रतींमुळेच पसरला आहे, आणि हे पाहून मला खरोखर वाईट वाटते. चित्रण करणाऱ्याने माणसांना तसे पळवलेले नव्हते.

त्या काळी कॅमेऱ्याचा दांडा हाताने फिरवत. एका फेऱ्याला ८ फ्रेम आणि सेकंदाला दोन फेरे, असा सर्वसाधारण परिपाठ होता. पण हात तो हात, त्यामुळे प्रत्यक्ष वेग दृश्यागणिक बदलतो. तो मोजण्याचे साधन या फितीतच सापडले. पहिल्या, तिसऱ्या आणि पाचव्या दृश्यात सैनिकी वाद्यवृंदासह कवायती पथके चालताना दिसतात. १९११ च्या अमेरिकी पायदळाच्या कवायत नियमांनुसार संचलनाची चाल मिनिटाला १२० पावलांची, म्हणजे सेकंदाला दोन पावलांची होती. एक टाच टेकल्यापासून दुसरी टाच टेकेपर्यंत किती फ्रेम जातात हे मोजले की वेग मिळतो : ८ फ्रेम गेल्या तर सेकंदाला १६, ९ गेल्या तर १८.

प्रत्येक दृश्यात पुढच्या रांगेतील तीन जणांची प्रत्येकी वीस पावले मोजली. पहिल्या आणि पाचव्या दृश्यात सरासरी ८ आली. तिसऱ्यात मात्र सातत्याने ९ आली. या तिसऱ्या दृश्यात गर्दी रस्त्यात उतरली आहे आणि मिरवणूक कॅमेऱ्याच्या अगदी जवळून जाते. तिथे दांडा फिरवणाऱ्याचा हात जरा जलद झाला, असे दिसते.

२ फेब्रुवारी

पडताळा घेतला. पोर्टलंडच्या मध्यवस्तीतील चौकोनी गाळे, म्हणजे चार रस्त्यांच्या मधले इमारतींचे तुकडे, २०० फूट लांबीचे आहेत, अमेरिकी शहरांच्या मानाने आखूड. सहाव्या दृश्यात एक चित्ररथ गाळ्याच्या एका कोपऱ्यापासून दुसऱ्यापर्यंत पूर्ण जाताना दिसतो. सेकंदाला १६ फ्रेम धरल्यास घोड्यांचा वेग ताशी सुमारे चार मैल येतो, आणि ओझे ओढत चालणाऱ्या घोड्याला तो शोभतो. २४ धरल्यास तो ताशी सहा मैल होतो, आणि घोड्यांचे पाय तर चालत आहेत, दुडकत नाहीत. आता शंका उरली नाही.

शिफारस : सर्व दृश्ये सेकंदाला १६ फ्रेम, फक्त तिसरे दृश्य (१,४४० फ्रेम) १८. एकूण लांबी १० मिनिटे २ सेकंद.

११ फेब्रुवारी

आजची नोंद रंगाविषयी आहे, आणि मला वाटते या सगळ्या कामाचा गाभा इथेच आहे.

दुसऱ्या दृश्यात एक मोटारगाडी येते. तिच्या चाकांपासून टपापर्यंत फुले खोचलेली आहेत आणि ती सगळी फुले काळी आहेत. राखाडी किंवा गडद नव्हेत, डांबरासारखी काळी आहेत. पहिल्यांदा पाहताना मन क्षणभर बिचकते, कारण आनंदाच्या मिरवणुकीत काळ्या फुलांची गाडी का यावी, असा प्रश्न पडतो.

कारण फितीच्या रसायनात आहे. त्या काळची चित्रफीत निळ्या प्रकाशाला फार संवेदनशील, हिरव्याला थोडीफार आणि लाल रंगाला जवळजवळ आंधळी होती. लाल वस्तूवरून परावर्तित झालेला प्रकाश तिला दिसतच नसे, म्हणून ती वस्तू काळी उमटे. उलट निळे आकाश पांढरेफटक येई. सर्व रंगांना प्रतिसाद देणारी फीत कोडॅकने नियमित विक्रीला आणली ती १९२२ मध्ये. तेव्हा ही काळी गाडी बहुधा मिरवणुकीतील सर्वांत लालभडक गाडी होती.

‘बहुधा’ हा शब्द तसाच सोडायचा नव्हता, म्हणून चित्रातच रंगाचे माप शोधले आणि ते सहज मिळाले. त्याच गाडीच्या मागे अमेरिकेचा झेंडा आहे, आणि त्याचे रंग आपल्याला ठाऊक आहेत. त्यातील लाल पट्टे काळे दिसतात आणि ताऱ्यांमागचा निळा चौकोन इतका फिकट दिसतो की पांढरे तारे त्यात जवळजवळ विरून जातात. याचा अर्थ असा की या फितीवर काळे म्हणजे लाल असू शकते, आणि पांढरे म्हणजे पांढरे किंवा निळे यांपैकी काहीही असू शकते. गाडीवरील फुलांचा काळेपणा आणि झेंड्याच्या पट्ट्यांचा काळेपणा स्कॅनवर मोजून पाहिला. दोन्ही जवळपास सारखेच भरतात.

बाकीच्या फुलांबद्दल मात्र एवढ्या खात्रीने बोलता येत नाही. मधल्या राखाडी छटेतील फुले टेस्टूसारखी गुलाबी असतील किंवा पिवळीही असतील. वर्णनात म्हणून मी ‘गडद’, ‘मध्यम’, ‘फिकट’ एवढेच शब्द वापरणार आहे, आणि रंगाचे नाव फक्त झेंड्याशी ताडून पाहिलेल्या ठिकाणीच लिहिणार आहे. माणसांचे चेहरे उन्हाने रापल्यासारखे दिसतात, तेही याच कारणाने. त्यावरून कोणाच्या वर्णाविषयी किंवा वंशाविषयी काही लिहायचे नाही, ही सूचना नोंदपत्रात ठळकपणे घालावी लागेल.

१५ फेब्रुवारी

साताऱ्याहून आईचा फोन आला होता. तिला स्कॅनमधील दीड मिनिटाचा तुकडा दाखवला. तिने उभ्या आयुष्यात गौरीपुढच्या आणि लग्नांतल्या असंख्य वेण्या आणि हार केले आहेत. ती तुकडा दोनदा बघून म्हणाली, “अरे, चाकावरची फुलं खोचलेली आहेत आणि छतावरून सोडलेल्या माळा ओवलेल्या आहेत. त्या हलताना बघ, अख्खी माळ एकदम झुलते. खोचलेलं फूल आपल्या जागी थरथरतं.”

मी ते पुन्हा फ्रेम-फ्रेमने पाहिले आणि ती म्हणते ते अगदी बरोबर आहे. चाकांवरची फुले जाळीत देठासकट घट्ट बसवलेली आहेत. प्रत्येक फूल वेगळे थरथरते. छतावरच्या माळा दोऱ्यावर आहेत. शिवाय माळांमधील फुलांच्या पाकळ्या मिटल्यासारख्या खाली झुकलेल्या आहेत, म्हणजे त्या आदल्या रात्री ओवून ठेवल्या असाव्यात, असेही आईचे मत पडले. हे शेवटचे मी वर्णनात घालणार नाही, पण ओवलेली आणि खोचलेली फुले हा भेद मी सातही दृश्यांच्या वर्णनात नोंदवणार आहे. रंग कळत नसला तरी फुले कशी बांधली होती हे कळते, आणि हे फक्त हलत्या चित्रातूनच कळू शकते. छायाचित्रातून कळले नसते.

२३ फेब्रुवारी

फितीच्या कडेवर ‘ईस्टमन’ या अक्षरांजवळ एकच चौकोन छापलेला आहे. कोडॅक अशा खुणा उत्पादनाचे वर्ष दाखवण्यासाठी छापत असे आणि दर वीस वर्षांनी त्याच खुणा पुन्हा येत : एक चौकोन म्हणजे १९१७, १९३७ किंवा १९५७. कोडॅकने नायट्रेट फीत बनवणे १९५१ मध्ये थांबवले, त्यामुळे शेवटचे वर्ष बाद झाले.

पण या खुणेवरून केवळ ही प्रत कधीच्या कच्च्या फितीवर काढली तेवढेच कळते. चित्रण कधीचे, हे कळत नाही. ते चित्रातूनच शोधायचे आहे.

१ मार्च

कालनिर्णय. आज दिवसभर एवढेच केले.

पहिल्या दृश्यात कॅमेरा सिक्स्थ आणि मॉरिसन या रस्त्यांच्या चौकाजवळ आहे. डावीकडे घुमटीसह जुने न्यायालय (१८७५) आणि त्यापलीकडे पोर्टलंड हॉटेलची छपरे दिसतात. हॉटेलच्या मागे, नैर्ऋत्येला, घड्याळाचा उंच पांढरा मनोरा आहे. हा ‘ऑरेगन जर्नल’ या वृत्तपत्रासाठी बांधलेला मनोरा, आज जॅक्सन टॉवर म्हणून ओळखला जातो. तो १९१२ चा आहे. इथेच डब्यावरची १९०८ ची चिठ्ठी खोटी ठरली.

चौथ्या दृश्यात पदपथाच्या कडेला चार वाट्यांचे काशाचे पाण्याचे कारंजे आहे आणि एक मुलगा त्यावर वाकून पाणी पितो आहे. लाकूड व्यवसायातून श्रीमंत झालेल्या सायमन बेन्सन यांनी १९१२ मध्ये दहा हजार डॉलर देऊन अशी वीस कारंजी शहरात बसवली. आराखडा वास्तुविशारद ए. ई. डॉयल यांचा होता. ती आजही वाहती आहेत. त्या मुलाच्या तोंडावरून ओघळणारे पाणी फितीवर स्पष्ट दिसते, आणि १९१२ च्या आधीचे हे चित्रण असू शकत नाही याचा तो दुसरा पुरावा आहे.

तिसरा पुरावा माणसांचा आहे. पांढरे सूट आणि गवती टोप्या घातलेल्या पुरुषांची एक तुकडी शिस्तीत चालते. हे ‘रॉयल रोझेरियन’, आणि त्यांची संघटना १९१२ मध्ये स्थापन झाली.

ही झाली खालची मर्यादा. वरची मर्यादा सहाव्या दृश्यातील चित्ररथ देतो, कारण त्यावर सिंहासनात बसलेला दाढीवाला, मुकुटधारी राजा आहे. १९१४ पासून राणी असल्याने हा राजा १९१३ च्या पुढचा नाही. मायर अँड फ्रँक दुकानाची १९१५ ची उंच पांढरी इमारतही चित्रात नाही; तिच्या जागी जुनी बुटकी इमारतच उभी आहे.

निष्कर्ष : चित्रण १९१२ किंवा १९१३ च्या जूनमधील. प्रत नंतरची. नोंदपत्रात दोन्ही वर्षे लिहिणार. एकाच वर्षाचा मोह टाळायचा.

लिहिता लिहिता मनात आले की हीच ती वर्षे, ज्यांत दादासाहेब फाळके मुंबईत कॅमेऱ्याचा दांडा फिरवत वाटाण्याचे रोपटे उगवताना टिपत होते, आणि मे १९१३ मध्ये ‘राजा हरिश्चंद्र’ लोकांसमोर आला. त्याही आधी, १९०१ मध्ये, सावेदादा भाटवडेकरांनी रँग्लर परांजपे यांच्या मुंबईतील स्वागताचे चित्रण केले होते. रस्त्यावर घडणारा सोहळा घडतो तसाच टिपायचा, ही पद्धत पोर्टलंडच्या या अनामिक कॅमेरावाल्याची आणि सावेदादांची एकच होती.

९ मार्च

महोत्सवात विजेच्या दिव्यांची रात्रीची मिरवणूकही असे. ट्रामच्या रुळांवरून धावणाऱ्या गाड्यांवर चित्ररथ उभारून त्यांवर दिवे लावत. या फितीत ती नाही. त्या काळच्या मंद फितीवर रात्र टिपणे फार कठीण होते. ‘फितीत केवळ दिवसाची मिरवणूक आहे’ असे वाक्य नोंदपत्रात घातले, जेणेकरून पाहणाऱ्याने या दहा मिनिटांना संपूर्ण महोत्सव समजू नये.

२१ मार्च

दृश्यांचा क्रम चुकीचा आहे अशी शंका पहिल्या दिवसापासून होती. आज सावल्यांवरून तिचा निकाल लागला.

पोर्टलंडमध्ये जूनमध्ये भर दुपारी सूर्य क्षितिजावर सुमारे ६८ अंश चढतो, त्यामुळे माणसाची सावली त्याच्या उंचीच्या दोन-पंचमांश इतकीच पडते. पाचव्या आणि सहाव्या दृश्यांत सावल्या अशाच आखूड आहेत. तिसऱ्या, चौथ्या आणि सातव्या दृश्यांत मात्र सावली माणसाच्या उंचीइतकी लांब आहे. तेवढी सावली जूनच्या सुरुवातीला सकाळी नऊच्या किंवा दुपारी सव्वातीनच्या सुमारास पडते. ती सकाळची की दुपारची, हे दिशेवरून कळते. नदी शहराच्या मध्यवस्तीच्या पूर्वेला आहे आणि सावल्या नदीच्या बाजूला पडल्या आहेत. म्हणजे सूर्य पश्चिमेकडे कलला होता.

म्हणजे पाचवे आणि सहावे दृश्य तिसऱ्याच्या आधी यायला हवे. स्कॅनमध्ये जोड तपासले तर नेमके तीनच जोड प्रत्यक्ष चिकटवलेले निघाले : दुसऱ्या-तिसऱ्या, चौथ्या-पाचव्या आणि सहाव्या-सातव्या दृश्यांच्या मध्ये. बाकीचे जोड मूळ निगेटिव्हमधून छापून आलेले आहेत. कोणीतरी ही प्रत नंतर तीन ठिकाणी कापून तुकडे उलटसुलट चिकटवले. मूळ क्रम १, २, ५, ६, ३, ४, ७ असा होता.

मूळ फितीचे जोड सोडवायचे नाहीत. आज आहे तशी ती ठेवायची. क्रम फक्त दाखवण्याच्या प्रतीत बदलायचा आणि बदल केल्याचे लिहून ठेवायचे.

६ एप्रिल

फीत ज्या कुटुंबाची आहे, त्यांच्याकडून विनंती आली आहे की दाखवण्याची प्रत संगणकाकडून रंगीत करून घ्यावी. घरातील आजींनी लहानपणी ही मिरवणूक पाहिलेली आहे, आणि त्यांना फुले रंगीत दिसावीत अशी सर्वांची इच्छा आहे. विनंतीमागचा जिव्हाळा मला समजतो, आणि नकार लिहायला मला दोन दिवस लागले.

उत्तरात मी काळ्या गाडीचेच उदाहरण दिले. रंग भरणारी प्रणाली त्या गाडीवरची फुले काळपट-जांभळी किंवा करडी करील, कारण तिला चित्रात काळेच दिसते. आणि झेंड्याचा निळा चौकोन ती पांढरा ठेवील. आपण झेंड्यावरून लाल ओळखू शकतो, पण मधल्या छटेतील हजारो फुलांपैकी गुलाबी कोणती आणि पिवळी कोणती हे या फितीवरून कोणालाही काढता येणार नाही. जे रंग आपण भरू ते आपलेच असतील, आणि आजींच्या आठवणीतील रंगांवर ते जाऊन बसतील. त्याऐवजी आजींना प्रत दाखवताना त्यांच्याच तोंडून रंग ऐकावेत, त्यांचे बोलणे ध्वनिमुद्रित करावे आणि ते फितीसोबत जपावे, असे सुचवले आहे.

१९ एप्रिल

कुटुंबाने सूचना मान्य केली. आजींचे बोलणे ४२ मिनिटे झाले. त्यांनी पाहिलेली मिरवणूक या फितीतील नाही, त्यानंतर काही वर्षांनी निघालेली आहे. तरीही ‘आमच्या दारातले गुलाब गुलाबी होते आणि मिरवणुकीच्या आदल्या संध्याकाळी ते बादल्या भरभरून मागून नेत’ हे त्यांचे वाक्य आईने माळांविषयी काढलेल्या अनुमानाला पूरक आहे. दोन्ही गोष्टी नोंदपत्रात शेजारी-शेजारी, पण कोण काय म्हणाले ते स्पष्ट करून लिहिल्या.

३ मे

दाखवण्याची प्रत तयार झाली. पाहताना एक गोष्ट राहून गेल्याचे लक्षात आले. सातव्या दृश्याच्या शेवटी ११ फ्रेम हळूहळू उजळत जाऊन पूर्ण पांढऱ्या होतात. कॅमेरावाल्याने दांडा थांबवत आणला की प्रत्येक फ्रेमवर प्रकाश जास्त वेळ पडतो, त्याची ही खूण आहे. जुन्या व्हिडिओ प्रतीत हा भाग खराब समजून कापला होता, आणि माझ्या प्रतीतही सफाईच्या वेळी तो सुटला होता. त्या पांढऱ्या होत जाणाऱ्या फ्रेममध्ये शेवटचा चित्ररथ निघून गेलेला आहे आणि मोकळ्या झालेल्या रस्त्यावर दोन मुली वाकून सांडलेली फुले ओच्यात वेचत आहेत. अकराही फ्रेम परत जोडल्या, आणि सातव्या दृश्याच्या वर्णनात मुलींचा उल्लेख घातला.